पडद्यावरील ‘लिंगबदल’ : ललित साळवे यांच्या चित्रणाची चिकित्सा

बीड जिल्ह्यातील माजलगाव येथील पोलीस शिपाई ललित साळवे यांच्यावर २५ मे २०१८ रोजी मुंबईच्या सेंट जॉर्जेस रुग्णालयात शस्त्रक्रिया झाली आणि वृत्तवाहिन्यांना एक नायक मिळाला. तत्पूर्वी ते ‘ललिता’ या नावाने महिला शिपाई म्हणून सेवेत होते. त्यांचे खाजगी जीवन सार्वजनिक झाले ते आत्मकथनाच्या ऊर्मीतून नव्हे, तर रजेच्या अर्जातून, ही बाब या चित्रणाचा विचार करताना प्रथम लक्षात घ्यावी लागते. महिला व पुरुष शिपायांचे भरतीचे शारीरिक निकष भिन्न. त्यामुळे वैद्यकीय रजा हाच खात्यापुढील पेच ठरला. नोव्हेंबर २०१७ मध्ये प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले. सेवाविषयक बाब म्हणून न्यायालयाने प्रशासकीय न्यायाधिकरणाचा मार्ग दाखविला आणि अखेर मे २०१८ मध्ये शासनाची परवानगी मिळाली.

पडद्यावर ही कागदोपत्री झुंज मागे पडते व ‘आधी’ आणि ‘नंतर’ची छायाचित्रे पुढे येतात. ‘लिंगबदल’ हा शब्दही याच मांडणीतला. साळवे यांची भूमिका आपण पुरुषच आहोत अशी होती. वैद्यकीय तपासणीत ‘वाय’ गुणसूत्र आढळल्याचेही प्रसिद्ध झाले. म्हणजे ज्याला ते दुरुस्ती मानतात, त्याला माध्यम बदल म्हणते. मात्र यात एक गोची आहे. गुणसूत्राच्या दाखल्यामुळे प्रेक्षकाची सहानुभूती सोपी झाली. ज्यांच्यापाशी असा दाखला नाही, त्यांच्या शब्दावर हाच प्रेक्षक विश्वास ठेवील काय? सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ च्या निकालात स्वतःच्या लिंगओळखीचा निर्णय व्यक्तीकडे सोपविला होता व शस्त्रक्रियेची अट अमान्य केली होती. वाहिन्यांची कथा मात्र प्रयोगशाळेच्या अहवालावरच उभी राहते.

थॉमस वार्टमन यांच्या २००५ च्या ‘बिट्वीन द लाइन्स’ या माहितीपटाशी तुलना येथे उद्बोधक ठरते. त्यात ठाण्याच्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी आहेत. पण त्यांना भेटणाऱ्या, प्रश्न विचारणाऱ्या छायाचित्रकार अनिता खेमका यादेखील चौकटीत आहेत. पाहणारी व्यक्तीही पाहिली जाते. वृत्तकथेतील प्रश्नकर्ता बहुधा आवाजापुरताच उरतो. पुढे २०१२ मध्ये ‘मी हिजडा, मी लक्ष्मी!’ हे आत्मकथन आले, त्याच्या शीर्षकातच ‘मी’ दोनदा येतो.

यवतमाळच्या प्रेक्षकाला कॅमेऱ्याची ही रीत अपरिचित नाही. शेतकरी आत्महत्यांच्या काळात पतीच्या तसबिरीशेजारी बसविलेल्या विधवा या जिल्ह्याने किती वेळा पडद्यावर पाहिल्या! जानेवारी २०१९ मध्ये याच शहरातील अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे उद्घाटन शेतकरी विधवा वैशाली येडे यांनी केले. त्या वेळी ध्वनिक्षेपक त्यांच्या हाती होता. साळवे २०२० मध्ये विवाहबद्ध झाले, तेव्हा कॅमेरे पुन्हा आले, आणि मथळ्यांत शब्द तोच राहिला : ‘लिंगबदल’.