आन्सा इकोनेन : हुकूम आणि डाव

आन्सा इकोनेन (१९१३–१९८९) ह्या फिनिश अभिनेत्रीचा लौकिक मुख्यतः ताउनो पालो ह्या नटाच्या जोडीने केलेल्या भूमिकांवर उभा आहे. 'कुल्कुरिन वाल्स्सि' (१९४१) ह्या चित्रपटाने त्या लौकिकावर कळस चढविला. तथापि १९४४ साली तिने एक चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला, ही गोष्ट तिच्या चरित्रात तळटीपेइतकीच जागा व्यापते. तिच्या कारकिर्दीचे मर्म मात्र त्या तळटीपेतच शोधावयास हवे.

ह्या दृष्टीने चित्रपटांची नावे बोलकी आहेत. वालेन्तिन वाला ह्याने दिग्दर्शित केलेल्या 'वाइमोके' (१९३६) ह्या नावात 'वाइमो' म्हणजे पत्नी ह्या शब्दास लघुत्वदर्शक प्रत्यय लागला आहे. त्याच्याच १९३७ मधील चित्रपटाच्या नावाचा अर्थ 'खळाळातून नाव नेणाऱ्याची वधू' असा होतो. पडद्यावरील नायिका कितीही मनस्वी असो, नावात ती ओळखली जाते पुरुषाशी असलेल्या नात्याने.

इकोनेनने दिग्दर्शिलेल्या चित्रपटाचे नाव 'नाइनेन ओन वाल्ट्टिया', म्हणजे 'स्त्री हाच हुकूम'. येथे स्त्रीवाचक शब्द कोणत्याही षष्ठीचा आधार न घेता उभा राहतो. परंतु रूपकाला दुसरी बाजूही आहे. हुकूम इतर पत्त्यांना मारतो खरा. तो केव्हा टाकावा हे मात्र खेळणारा ठरवितो. नटीचे सामर्थ्य पत्त्याचे, दिग्दर्शकाचे खेळणाऱ्याचे. इकोनेनच्या हाती चित्रपटाचा डाव एकदाच आला. तिच्यापूर्वी १९३६ साली 'ओन्नेनपोत्कु' दिग्दर्शित करून फिनलंडमधील पहिली स्त्री-चित्रपटदिग्दर्शिका ठरलेल्या ग्लोरी लेप्पेनेनच्या नावावरही तेवढा एकच चित्रपट आहे.

फिनिश भाषेत व्याकरणिक लिंग नाही. 'हॅन' हे एकच सर्वनाम 'तो' आणि 'ती' ह्या दोहोंसाठी चालते. मराठीत 'दिग्दर्शन केले' म्हणताना 'त्याने' की 'तिने' हे सांगावेच लागते. फिनिशमध्ये तशी सक्ती नाही. तरीही अभिनेत्रीसाठी त्या भाषेने 'नॅयुत्तेलियॅतॅर' असे स्त्रीप्रत्यययुक्त रूप घडविले. व्याकरणाने जो भेद लादला नाही, तो समाजाला हवा तेथे प्रत्ययाने साधला. भाषेच्या लिंगनिरपेक्षतेवरून व्यवसायातील समतेचे अनुमान काढणे किती धोक्याचे आहे, हे ह्यावरून दिसून येते.

एका चित्रपटावरून दिग्दर्शकाच्या प्रतिभेचे माप घेणे न्याय्य नव्हे. म्हणूनच इकोनेनच्या अभिनययशाचा गौरव करतानाही एक प्रश्न उरतो : जिला प्रेक्षकांनी हुकूम मानले, तिच्या हाती पत्ते पुन्हा का आले नाहीत?