प्रतिसाद दिला, पण कुणी?

मराठी व्याख्यानात जपान कधी येतो याची जागा ठरलेली आहे. आपली बेशिस्त, आपले रस्ते, आपले राजकारण यांवर चडफडून झाले की वक्ता म्हणतो, ‘जपानकडे बघा!’ शाळेत आमच्या गुरुजींच्या तोंडी हे वाक्य होते. गेल्या हिवाळ्यात गावातल्या व्याख्यानमालेत ते पुन्हा ऐकले. १९०५ साली जपानने रशियाला हरवले तेव्हापासून हा दाखला आशियाभर चालत आला आहे. त्यामुळे जॅरेड डायमंड यांचे ‘अपहीव्हल’ (२०१९) हाती आले तेव्हा मी आधी जपानचेच प्रकरण उघडले. राष्ट्रे संकटांना कसा प्रतिसाद देतात हा या पुस्तकाचा विषय. फिनलंड, जपान, चिली, इंडोनेशिया, जर्मनी, ऑस्ट्रेलिया आणि अमेरिका असे सात देश त्यांनी घेतले आहेत.

डायमंड यांची मूळ कल्पना समजायला सोपी, म्हणूनच मोहात पाडणारी आहे. १९४२ साली बॉस्टनमधल्या एका नाइटक्लबला आग लागून जवळपास पाचशे माणसे गेली. मागे राहिलेल्यांना सावरण्यासाठी तिथल्या मानसोपचारतज्ज्ञांनी जे काम केले त्यातून ‘संकटोपचार’ नावाची शाखा वाढली. लेखकाच्या पत्नी मानसोपचाराच्याच क्षेत्रातल्या. संकटातला माणूस सावरतो की नाही हे ज्या बारा गोष्टींवर ठरते, त्या डायमंड थोड्याफार फरकाने राष्ट्रांना लावतात: संकट आहे हे मान्य करणे, जबाबदारी स्वीकारणे, काय बदलायचे आणि काय राखायचे याभोवती कुंपण घालणे, दुसऱ्याचा कित्ता गिरवणे, स्वतःचे प्रामाणिक मोजमाप करणे, वगैरे. ‘आव्हान आणि प्रतिसाद’ ही टॉयन्बींची जुनी जोडी आपल्या वाचकांना परिचित आहे. टॉयन्बींनी ती अख्ख्या संस्कृतींना लावली होती. डायमंड यांनी ती दवाखान्यातल्या खुर्चीवर आणून बसवली.

राष्ट्र म्हणजे व्यक्ती नव्हे, राष्ट्रांत नेते असतात, गट असतात, हे डायमंड स्वतःच नोंदवतात. जपानी भाषा आपल्याला येत नाही हेही सांगतात. (मला तरी कुठे येते? मीही इंग्रजीच्या खिडकीतूनच पाहतो आहे.) फिनलंडचे प्रकरण तर मला आवडले. चाळीस लाखांच्या आतली लोकसंख्या आणि १९३९मध्ये अंगावर आलेला सोव्हिएत संघ. तिथे घाव जवळपास प्रत्येक घरावर पडला होता. अशा ठिकाणी ‘राष्ट्राने सोसले, राष्ट्राने ठरवले’ हे वाक्य बऱ्याच अंशी खरे उतरते. जपानच्या बाबतीत ते तसे उतरत नाही.

१८५३ साली अमेरिकेचा पेरी युद्धनौका घेऊन आला, पुढच्या वर्षी करार झाला, १८५८मध्ये असमान तह गळ्यात पडले आणि १८६८मध्ये शोगुनशाही जाऊन सम्राटाच्या नावाने नवे राज्य आले. डायमंड यांच्या मते यानंतरचा मेइजी काळ हा निवडक बदलाचा उत्कृष्ट नमुना आहे. जपानने जगभर पाहिले, हवे ते घेतले, नको ते सोडले, सम्राट आणि संस्कृती राखली. १८७१च्या अखेरीस निघालेले इवाकुरा शिष्टमंडळ, ज्यात सरकारातले निम्मे कर्तेधर्ते पावणेदोन वर्षे परदेशी फिरत होते, ही घटना खरोखर थक्क करणारी आहे. आपले मंत्री अभ्यासदौऱ्यावर जातात त्याची आठवण इथे न केलेली बरी.

पण निवडक बदल म्हटला की निवडणारा आलाच. तो कोण? सत्सुमा आणि चोशू या दोन संस्थानांतले, मुख्यतः मधल्या आणि खालच्या दर्जाचे तरुण सामुराई. त्यांनी जे निवडले त्याची किंमत दुसऱ्यांनी मोजली. १८७३च्या जमीन महसूल सुधारणेने पिकातला वाटा जाऊन जमिनीच्या किमतीच्या तीन टक्के रोख कर आला. पीक बुडाले तरी तोच. रोख साऱ्याचे हे दुखणे सुपे आणि १८७५चे दख्खनचे दंगे ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला समजावून सांगायला नको. फरक इतकाच की आपल्याकडे सारा लावणारे सरकार परके होते. जपानी शेतकरी १८७६मध्ये ठिकठिकाणी उठले आणि १८७७च्या सुरुवातीला कर अडीच टक्क्यांवर आला. ही अर्ध्या टक्क्याची सवलत कुणाच्या प्रामाणिक आत्मपरीक्षणातून आली नाही. ती बांबूचे भाले हातात घेतलेल्या माणसांनी मिळवली.

आता हे लिहून मला ‘वर जुलमी, खाली बिचारे’ असे सरळ चित्र काढता आले असते. ते काढू देत नाही तो १८७३चा मिमासाकाचा उठाव. त्याची हकीकत प्रथम वाचली तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो होतो. सक्तीच्या लष्करभरतीच्या जाहीरनाम्यात ‘रक्ताचा कर’ असा शब्दप्रयोग होता. मूळ फ्रेंच कल्पनेचे ते भाषांतर. खेड्यांत त्याचा शब्दशः अर्थ घेतला गेला: सरकारची माणसे येऊन पोरांचे रक्त काढणार. (तोमिओकाच्या सरकारी रेशीम गिरणीत कामाला मुली मिळेनात, कारण तिथले फ्रेंच लोक रक्त पितात अशी वदंता होती. ते पीत होते ती तांबडी दारू.) आजच्या ओकायामा प्रांतात येणाऱ्या मिमासाकात लोक उठले. त्यांच्या मागण्या काय होत्या? लष्करभरती नको, शाळा नकोत, आणि १८७१चा मुक्तीचा हुकूम मागे घ्या.

हा हुकूम होता ‘एता’ आणि ‘हिनिन’ म्हणून अस्पृश्य ठरवलेल्या समाजांची हीन नावे रद्द करून त्यांना इतर प्रजेच्या बरोबरीने आणणारा. मेलेली जनावरे ओढणे, कातडी कमावणे ही त्यांची कामे होती. हुकूम आला तसे यांच्यातले काहीजण वाट सोडून उभे राहीनात, पूर्वीसारखे वाकेनात. रक्ताच्या कराविरुद्ध उठलेला जमाव सरकारी कचेऱ्यांबरोबर यांच्या वस्त्यांवरही चालून गेला. शेकडो घरे जाळली, डझनाहून अधिक माणसे मारली. जे सरकारच्या दृष्टीने तुडवले जात होते, त्यांना स्वतःच्या पायाखाली कुणीतरी हवे होते. ‘जपानने आव्हानाला प्रतिसाद दिला’ या वाक्यात यांतला नेमका कोण बसतो? तोक्योतला सुधारक, भाला घेतलेला शेतकरी, की जळत्या घरातून पळालेला चांभार?

हिशेबाची दुसरी बाजूही पाहू. सामुराईंचे पिढीजात वेतन बंद झाले, तेव्हा १८७६मध्ये त्याबदल्यात त्यांना सरकारी रोखे देण्यात आले. कित्येकांना ते पुरले नाहीत, आणि पुढच्याच वर्षी सत्सुमात बंड झाले. ते सक्तीने भरती केलेल्या फौजेने मोडले. पण भरपाई दिली गेली हे खरे. अस्पृश्यांना मात्र समानतेचा कागद मिळाला. त्याबरोबर चामड्याच्या धंद्यातली त्यांची मक्तेदारी आणि जमिनीवरची करमाफी गेली, आणि त्याबदल्यात काही मिळाले नाही. विशेषाधिकार गमावणाऱ्याला मोबदला मिळतो, अपमान सोसलेल्याला मिळत नाही. सुधारणांच्या इतिहासात हे इतक्या वेळा दिसते की डायमंड यांच्या यादीत तेरावा घटक म्हणून घालायला हरकत नव्हती. त्या समाजाला स्वतःची संघटना, सुइहेइशा, उभी करायला १९२२ साल उजाडले. महाडच्या चवदार तळ्याच्या आधी पाच वर्षे.

माझा दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. मेइजी नेत्यांचे आत्मपरीक्षण वास्तववादी, तर १९३०नंतरच्या तरुण लष्करी अधिकाऱ्यांना पश्चिमेची ओळखच नव्हती, म्हणून जपान विनाशाकडे गेला, असे डायमंड म्हणतात. म्हणजे आधीचा रुग्ण शहाणा, नंतरचा बेभान. पण त्या अधिकाऱ्यांना सरकारला न जुमानण्याची सोय कुणी करून दिली? १८७८मध्ये सेनाधिष्ठान मंत्रिमंडळाच्या हाताबाहेर काढून थेट सम्राटाखाली आणले ते यामागाता आरितोमो यांनी, मेइजी सुधारकांतल्या अग्रणींनी. १८८९च्या राज्यघटनेने सैन्याची सर्वोच्च सत्ता सम्राटाकडे ठेवली. १९००मध्ये लष्करमंत्री आणि नौदलमंत्री सेवेतलेच सेनापती असावेत असा नियम झाला. मग सैन्याने माणूस दिला नाही की मंत्रिमंडळच बनेना. हा नियम १९१३मध्ये सैल झाला आणि १९३६मध्ये पुन्हा आवळला गेला. ‘निवडक बदला’तलीच ही निवड होती. यशाचे श्रेय मेइजी पिढीला आणि अपयश नातवांच्या माथी, हा हिशेब दवाखान्यात चालेल, इतिहासात चालत नाही.

मग जपानकडे बघूच नये का? तसे नाही. कसे बघावे याचे एक उदाहरण आपल्याच घरात आहे. धोंडो केशव कर्व्यांकडे तोक्योच्या जपान महिला विद्यापीठाची माहितीपुस्तिका टपालाने आली होती. ती त्यांनी बाजूला ठेवली. पुढे १९१५च्या सामाजिक परिषदेच्या अध्यक्षीय भाषणाची तयारी करताना पुन्हा काढून वाचली, आणि १९१६मध्ये महिला विद्यापीठ उभे राहिले. देशी भाषेतून उच्च शिक्षण देता येते हा त्यांना तिथून मिळालेला मोठा धडा. ‘जपान शिस्तीचा आहे’ असे मोघम काही त्यांनी उचलले नाही. एक संस्था, तिचा अभ्यासक्रम, तिची भाषा एवढेच घेतले. त्याबरोबर बाईचे शिक्षण तिच्या गृहिणीपणाला धरून वेगळे असावे, हा विचारही आला. तो कर्व्यांना आधीपासून पटलेला होता, आणि तोक्योतही विद्यापीठ काढणारे पुरुषच होते. इथेही निवडणारा होताच. पण इथे त्याचे नाव आपल्याला ठाऊक आहे, त्याने काय घेतले ते त्याच्याच आत्मचरित्रात सापडते, आणि त्याच्याशी वाद घालता येतो.