जागा न सोडणारा

फुटबॉलच्या सामन्याचे वर्णन करताना आपली वृत्तपत्रे गोलापासून सुरुवात करतात आणि गोलापाशीच थांबतात. कोणी मारला, कितव्या मिनिटाला मारला, चेंडू कोणी पुरवला. जो गोल झाला नाही त्याची बातमी होत नाही. आणि तो होऊ न देणे हाच ज्याचा व्यवसाय, त्याच्याविषयी लिहावे तरी काय, असा पेच वार्ताहराला पडतो. त्यामुळे बचावपटू आपल्याला भेटतो तो दोनच प्रसंगी: त्याच्या चुकीमुळे गोल झाला तर, किंवा आपली जागा सोडून तो पुढे धावला आणि गोल त्यानेच केला तर. हा केवळ लेखणीचा आळस आहे असे आम्हांस वाटत नाही. हा दृष्टीचा दोष आहे आणि त्याची झळ आमच्या परभणी जिल्ह्यातील पोरांपर्यंत पोहोचते. ती कशी, हे एका मुंबईकर खेळाडूची कारकीर्द आणि अलीकडचे दोन चित्रपट समोर ठेवून पाहण्याचा विचार आहे.

खेळाडू म्हणजे राहुल भेके. जन्म १९९०चा, मुंबईचा. विशीत तो मुंबई एफसी या संघाच्या बचावफळीत उभा राहिला. हा संघ आय-लीगमध्ये खेळत असे. पण विजेतेपद हे त्याचे उद्दिष्ट कधी असू शकले नाही. अशा संघाचे गणित निराळे असते. विजयाला तीन गुण, बरोबरीला एक. आणि मोसम संपताना तळाला राहिलेल्याला खालच्या श्रेणीत जावे लागते. मोठ्या संघाला गोलशून्य बरोबरी म्हणजे नामुष्की, लहान संघाला तीच सुगी. तो एक गुण आघाडीवीर मिळवून देत नाही, मागचे चौघे मिळवून देतात. पुढे भेके ईस्ट बंगालकडे गेला. मधल्या काळात २०१५ साली केरळ ब्लास्टर्सकडून आणि २०१६ साली पुणे सिटीकडून खेळला. २०१७ साली बेंगळुरूला पोहोचला. भारताच्या संघात त्याचे पदार्पण झाले ते जून २०१९मध्ये, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी. आघाडीवीराची कीर्ती त्या वयापर्यंत पुष्कळदा ओसरू लागलेली असते.

आता या कारकिर्दीतले काय लोकांच्या स्मरणात राहिले ते पाहा. १७ मार्च २०१९ रोजी मुंबईत अंधेरीच्या मैदानावर इंडियन सुपर लीगचा अंतिम सामना बेंगळुरू आणि गोवा यांच्यात झाला. जादा वेळेत, ११७व्या मिनिटाला, कॉर्नरवरून आलेल्या चेंडूवर भेकेने हेडर मारला आणि बेंगळुरू विजेते ठरले. ११ एप्रिल २०२२ रोजी रियाधमध्ये मुंबई सिटीकडून खेळताना त्याने इराकच्या हवाई दलाच्या संघाविरुद्ध पुन्हा हेडरनेच विजयी गोल केला. आशियाच्या चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबाने जिंकलेला तो पहिला सामना. हे दोन्ही क्षण आनंदाचे, आणि आम्हीही ते आनंदाने पाहिले. परंतु अंधेरीच्या त्या सामन्यात गोव्याकडे फेरान कोरोमिनास होता. त्या मोसमात लीगमधील सर्वाधिक, म्हणजे सोळा गोल त्याच्या नावावर होते. पूर्ण १२० मिनिटे त्याला आणि त्याच्या साथीदारांना एकदाही गोल करू दिला गेला नाही. भेके आणि त्याच्या सोबत्यांची त्या दिवसाची खरी मजुरी ही होती. हेडर हा तिच्यावर मिळालेला बोनस. दुसऱ्या दिवशीच्या अंकात मात्र बोनसच तेवढा छापून आला.

हाच प्रकार अधिक ठळकपणे दिसतो तो २०१९च्या सप्टेंबरमधील दोन सामन्यांत. विश्वचषकाच्या पात्रता फेरीत ५ तारखेला गुवाहाटीत भारत ओमानविरुद्ध ८२व्या मिनिटापर्यंत एका गोलाने पुढे होता. मग अखेरच्या काही मिनिटांत ओमानने दोन गोल केले आणि सामना गेला. साहजिकच बचावफळीचे वाभाडे निघाले. पाच दिवसांनी, १० तारखेला, दोहा येथे त्याच वर्षी आशियाचे विजेतेपद मिळवलेल्या कतारशी गाठ होती. सुनील छेत्री आजारी. कतारने गोलाच्या दिशेने वीसहून अधिक फटके मारले आणि सामना शून्य-शून्य सुटला. गोलरक्षक गुरप्रीतसिंग संधू त्या दिवशी कर्णधार होता. त्याची स्तुती झाली आणि ती योग्यच होती. पण त्याच्यापुढे उभे होते ते राहुल भेके, आदिल खान, संदेश झिंगन आणि मंदार राव देसाई. चौघांपैकी दोघे गोव्याचे, एक मुंबईचा. ओमानने दोन गोल केले तेव्हा बचावफळीवर बोट ठेवणाऱ्या कितीजणांनी दोह्याच्या शून्याचे श्रेय तिला दिले?

आम्ही स्वतः सेमिनरीत असताना मागे खेळत असू. कारण एवढेच की आम्हांला वेगाने पळता येत नसे, आणि ज्याला पळता येत नाही त्याला मागे ठेवावे अशी तेव्हाची समजूत होती. ती समजूत किती अडाणी, हे पुढे कळले. चांगला बचावपटू एका नजरेत चेंडू आणि दुसऱ्या नजरेत माणूस ठेवतो. अंगावर येणाऱ्या आघाडीवीरावर झेपावण्याचा मोह तो आवरतो. शरीर किंचित तिरके करून, एकेक पाऊल मागे सरत, तो समोरच्याला बाजूच्या रेषेकडे ढकलत नेतो. तिथे मैदानाची सीमाच त्याच्या मदतीला येते. पुढे कधी सरकावे, म्हणजे प्रतिपक्षाचा माणूस ऑफसाइडमध्ये सापडेल, हे चौघांनी एकाच क्षणी ठरवायचे असते. एकजण मागे रेंगाळला की तिघांचे शहाणपण फुकट. म्हणून तो सतत बोलत असतो, ओरडत असतो. प्रेक्षकाला यातले काही दिसत नाही, कारण प्रेक्षक चेंडूकडे पाहत असतो.

आमच्या प्रवचनांतही हा दोष आहे, हे कबूल केले पाहिजे. संत योसेफाच्या तोंडी शुभवर्तमानांत एकही शब्द नाही. बालकाला आणि त्याच्या आईला घेऊन तो रात्रीच मिसर देशाकडे निघाला, हे मत्तय एक-दोन वचनांत सांगून मोकळा होतो. आणि आम्हीही नाताळच्या दिवसांत मागी लोकांच्या भेटवस्तूंवर जेवढा वेळ बोलतो त्याच्या निम्माही त्या रात्रीच्या वाटचालीला देत नाही.

आता चित्रपटांकडे वळू. २०२४ साली आलेला अमित शर्मा दिग्दर्शित ‘मैदान’ हा सय्यद अब्दुल रहीम या हैदराबादच्या थोर प्रशिक्षकावरचा. रहीमसाहेबांच्या हैदराबाद पोलीस संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईत रोव्हर्स चषक जिंकला. तेव्हा परभणी हैदराबाद राज्यातच होती. १९५६च्या पुनर्रचनेपर्यंत ती तेथेच राहिली. त्या नात्याने तो चषक थोडासा आमचाही, असे म्हणण्याचा मोह होतो. १९६२च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत भारताने दक्षिण कोरियाला २–१ असे हरवून सुवर्णपदक जिंकले. त्या विजयातील एक गोल जर्नेलसिंग यांचा. जर्नेलसिंग मूळचे बचावपटू, आणि आशियातील अव्वल दर्जाचे. थायलंडविरुद्ध डोक्याला जखम झाली, टाके पडले. म्हणून रहीमसाहेबांनी त्यांना उपांत्य आणि अंतिम सामन्यात आघाडीला खेळवले आणि दोन्ही सामन्यांत त्यांनी गोल केले. कथा रोमहर्षक आहे यात शंका नाही. पण पाहा, येथेही बचावपटू अजरामर झाला तो जागा सोडल्यावरच. ‘मैदान’ने अंतिम सामन्याचे चित्रण मोठ्या ताकदीने केले आहे, त्यातून आमच्या मनावर ठसले ते गोल आणि गोलरक्षक पीटर थंगराज. त्या संघात गोव्यातील कोलवाळचे फॉर्च्युनाटो फ्रँको मधल्या फळीत खेळत होते, बचावाला टेकू देत होते. आपल्याच समाजातील हा सुवर्णपदकविजेता २०२१च्या मे महिन्यात निवर्तला. आमच्या वाचकांपैकी किती घरांत ती बातमी पोहोचली होती?

नागराज मंजुळे यांचा ‘झुंड’ (२०२२) आम्हांला या दोहोंत सरस वाटतो. नागपूरचे क्रीडाशिक्षक विजय बारसे यांनी झोपडपट्टीतील मुलांना फुटबॉलकडे वळवले, त्या कार्यावर तो आधारलेला आहे. त्यातली भिंत, म्हणजे वस्ती आणि महाविद्यालय यांना विभागणारी ती भिंत, मराठी मातीतून आलेल्या दिग्दर्शकालाच सुचू शकते. पासपोर्टसाठी कागद गोळा करत बापासोबत वणवण करणारी मुलगी आमच्या धर्मग्रामातल्या प्रत्येक कुटुंबाला ओळखीची वाटेल. जन्माचा दाखला, जातीचा दाखला आणि बाप्तिस्म्याचा दाखला यांचा मेळ घालता घालता अर्धे आयुष्य जाते, हे आम्ही कार्यालयात बसून रोज पाहतो. मात्र ‘झुंड’मधली मुले ज्या बेघरांच्या विश्वचषकाला जातात, तेथे एका बाजूला चारच खेळाडू असतात, गोलरक्षक धरून. बचावफळी नावाची गोष्ट त्या खेळात फारशी उरत नाही. शिवाय त्या स्पर्धेत खेळाडूला आयुष्यात एकदाच भाग घेता येतो. म्हणजे जेथे कारकीर्द सुरू व्हायची तेथे चित्रपट संपतो. विमान उडते आणि आपण डोळे पुसत बाहेर पडतो. हा चित्रपटाचा दोष म्हणता येणार नाही, त्याचा विषयच तो नव्हता. पण विमानाने गेलेला मुलगा परत आल्यावर काय करतो, हे सांगणारी कलाकृती आपल्याकडे अजून व्हायची आहे.

ती झाली तर तिच्यात बंद दारे फार असतील. महिंद्र युनायटेडने २००६ साली राष्ट्रीय लीग जिंकली, तेव्हा तिचे प्रशिक्षक होते डेरिक परेरा, स्वतः एके काळचे बचावपटू. चार वर्षांनी, २०१० साली, तो संघ विसर्जित झाला. एअर इंडियाचा संघ २०१३नंतर आय-लीगमध्ये दिसला नाही. मुंबई एफसी २०१७ साली तळाला गेली आणि मग बंदच पडली. पुण्याचा डीएसके शिवाजियन्सही त्याच वर्षी मिटला. पुणे सिटी २०१९ साली संपली आणि तिची जागा हैदराबादच्या नव्या संघाने घेतली. भेके ज्या दोन महाराष्ट्रीय संघांतून वर आला, मुंबई एफसी आणि पुणे सिटी, त्या दोहोंचे आज नाव तेवढे उरले आहे. तो मात्र पुढे गेला. मे २०२४मध्ये कोलकात्यात मोहन बागानला ३–१ असे हरवून मुंबई सिटीने चषक उचलला तेव्हा तो कर्णधार होता. नंतर तो बेंगळुरूला परतला. आणि ऑगस्ट २०२५मध्ये, लीगचे भवितव्यच अधांतरी असल्याने, त्या क्लबाने पहिल्या संघाचे खेळाडू व कर्मचारी यांचे वेतन बेमुदत स्थगित केल्याचे जाहीर केले. विजेत्या संघाच्या माजी कर्णधाराची जर ही गत, तर आय-लीगच्या दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणीत खेळणाऱ्या नाव नसलेल्या बचावपटूची काय असेल? त्याच्या नावावर तर एखादा हेडरही नाही.

हे आम्ही लिहितो आहोत ते एका घरामुळे. धर्मग्रामातील एक मुलगा, वय सोळा, युवक मंडळाच्या संघात मागे खेळतो. उन्हाळ्यात आमच्याकडची काळी जमीन भेगाळते, चेंडू कुठेही उसळतो. अशा मैदानावर मागे खेळणे म्हणजे शिक्षाच, पण त्याला ते आवडते. मंडळाने सभागृहात ‘झुंड’ दाखवला तेव्हा चित्रपट संपल्यावर त्याने विचारले, “फादर, ह्यांच्यात मागं कोण राहतं?” आम्ही हसण्यावारी नेले. पुढे त्याचे वडील भेटायला आले. पुण्याला निवड चाचणी होती. त्यांनी एकच विचारले, “फादर, ह्यात पोट भरंल का ओ?” आम्ही त्यांना अंधेरीतला तो ११७व्या मिनिटाचा गोल सांगितला. सांगताना आम्ही रंगून गेलो होतो. त्यांनी ऐकून घेतले आणि म्हणाले, “पण माझं पोरगं तर गोल मारत नाही.”

या लेखाला आरंभ झाला तो त्या वाक्यापाशी. वृत्तपत्रांना नावे ठेवणारे आम्ही, वेळ आली तेव्हा त्यांचीच भाषा बोललो होतो. दुसऱ्या भेटीत आम्ही वडिलांना बंद पडलेल्या संघांची यादी आणि थांबलेल्या पगाराची बातमी, दोन्ही सांगितले. बारावी पुरी करून मग काय ते ठरवा, असेही सांगितले. चाचणीला त्यांनी मुलाला पाठवले. निकाल अजून आलेला नाही.

जाण्यापूर्वी तो मुलगा आमच्याकडे आला होता. दोह्याच्या सामन्याचे चित्रण आम्ही त्याच्यासोबत भ्रमणध्वनीच्या पडद्यावर पाहिले. कतारची मुले लाटेसारखी येत होती आणि आम्ही सवयीने चेंडूमागे डोळे फिरवत होतो. तो मात्र पडद्याच्या एका कडेला बोट टेकवून बसला होता. तेथे भेके होता, चेंडूपासून पुष्कळ दूर. दोन पावले मागे, एक पाऊल आत, पुन्हा मागे. “बघा फादर,” तो म्हणाला, “आता हितं पास येणारच नाही.” आणि खरोखरच कतारच्या खेळाडूने मान वर केली, तिकडे पाहिले, आणि चेंडू दुसऱ्याच बाजूला दिला.