लुप्त ठरलेला एक चिकानो चित्रपट

जुनीं दफ्तरें धुंडाळणाऱ्या आमच्या वाचकांस या त्रैमासिकांत चित्रपटाचें परीक्षण पाहून नवल वाटेल. परंतु प्रत, पाठ आणि जतन हे प्रश्न पोथीप्रमाणेंच चित्रपटाच्या फितीसही लागू आहेत, असें आमचें मत आहे.

अमेरिकेंतील मेक्सिकन वंशाच्या लोकांस चिकानो म्हणतात. टेक्सस संस्थानांतील सॅन अँटोनिओ येथील एफ्राइन गुतिएर्रेस यांनीं १९७६ सालीं 'कृपा करा, मला जिवंत पुरूं नका' अशा अर्थाच्या नांवाचा चित्रपट काढिला. चिकानो मनुष्यानें काढिलेला पहिला पूर्ण लांबीचा कथापट म्हणून तो आज गणला जातो. व्हिएतनामच्या युद्धांतून शवपेट्यांतून परत येणारे जातभाई पाहून, या देशांत आपल्या लोकांचें स्थान कोणतें, असा प्रश्न पडलेला आलेहांद्रो नांवाचा तरुण हा त्याचा नायक. ती भूमिका स्वतः गुतिएर्रेस यांनींच केली आहे.

भांडवल अल्प व हात नवशिके. त्यामुळें रचना कित्येक ठिकाणीं ओबडधोबड आहे, हें आम्ही झांकून ठेवीत नाहीं. परंतु लेखन अशुद्ध म्हणून बखर कोणी टाकून देत नाहीं. त्या वस्तीची बोली, तिचे रस्ते व तिचा संताप हे येथें त्याच वस्तींतील मनुष्याच्या हातून उतरले आहेत. बाहेरच्याच्या वर्णनास ही योग्यता येत नाहीं.

हा चित्रपट मोठ्या वितरकांच्या हातून गेला नाहीं. कर्त्यानें तो आपल्याच खटपटीनें स्पॅनिश भाषेच्या चित्रपटगृहांतून दाखविला. १९८० नंतर कर्ता व कृति दोन्ही दृष्टीआड झालीं. पुढील दशकांत चॉन नोरिएगा या अभ्यासकानें त्यांचा माग काढिला, लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संग्रहानें चित्रपटाचा जीर्णोद्धार केला आणि २०१४ सालीं अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट-नोंदींत त्याचा समावेश झाला.

तथापि 'पहिला' हें विशेषण जपून वापरावें. 'उपलब्धांत पहिला' इतकेंच म्हणणें प्रशस्त. वीस वर्षांच्या आंत जी कृति विस्मृतींत जाऊं शकली, तिच्या आगेंमागें इतर कृति नव्हत्याच असें कोणीं म्हणावें? यास्तव गुणदोषांचा निवाडा मागाहून करावा. आधीं हातीं येईल ती प्रत नोंदवून सुरक्षित ठेवावी, अशी आमची संग्राहकांस विनंति आहे.