सीता एक, राम एक, माणूसही एकच

कुडाळजवळच्या पिंगुळीला ठाकर कलावंतांचा चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ पाहत होतो. पांढरा पडदा, मागे दिवा आणि पडद्यावर सावल्या. सीता बोलली, राम बोलला. दोघांचा आवाज पडद्यामागच्या एकाच माणसाचा. शेजारच्या आजोबांना विचारलं, "आत कलावंत कोण हो?" देवळात जाऊन पुजाऱ्याचं पॅन कार्ड मागितल्यासारखं त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "राम दिसता मां? मगे झाला!"

मला अण्णा साळुंके आठवले. 1913 च्या 'राजा हरिश्चंद्र'साठी दादासाहेब फाळक्यांना तारामती मिळेना. बायका सिनेमाच्या वाऱ्यालाही उभ्या राहत नव्हत्या. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलातला हा स्वयंपाकी सापडला. 10 रुपये पगाराचे 15 झाले म्हणतात. म्हणजे पन्नास टक्के वाढ! एवढ्यावर आमच्या बँकेतले निम्मे लोक मिशा उतरवून तारामती झाले असते.

1917 च्या 'लंकादहन'मध्ये तर राम तेच, सीताही तेच. म्हणजे समुद्र ओलांडून रामाने स्वतःलाच सोडवून आणलं! मूकपट असल्यामुळे आवाजाने चोरी पकडली जायची भीती नव्हती. पण दंड कुठे लपवणार? सीतेच्या पदराआडून रामाचे दंड डोकावत, असं सांगतात. हे वाचून मीही पोट धरून हसलो होतो.

पण समीक्षकाने नुसतं हसून मोकळं होऊ नये. त्याच 1917 साली तिकडे चॅप्लिनच्या मूकपटांत एरिक कॅम्बेल नावाचा धिप्पाड नट मार खाऊन जग हसवत होता. तो धिप्पाड, म्हणून चार्ली चिमुकला. दुय्यम नटाचं हे काम मोठंच. साळुंक्यांचं काम नेमकं उलटं. हसू यायची सगळी सामग्री तयार, आणि हसू येऊ द्यायचं नाही! ते त्यांनी साधलं. पडद्यावर राम आला की लोक पायातल्या वहाणा काढत म्हणे. वहाणा काढणाऱ्याला दंड दिसत नाहीत.

पुढे साळुंके कॅमेऱ्यामागे गेले, छायालेखक झाले. आज फाळक्यांचं नाव पोरासोरांना ठाऊक असतं. पहिली तारामती कोण, हे विचारलं की मोठी माणसंही डोकं खाजवतात.

पिंगुळीचा खेळ संपल्यावर मुद्दाम पडद्यामागे गेलो. कलावंत बाहुल्या आवरत होता. म्हटलं, "सीता फार छान झाली हं."

त्याचा हात थांबला. "आनी राम? तो बरो नाय झालो?"