‘फरक आढळला नाही’ म्हणजे नेमकं काय? विशेष फॉस्टर केअरच्या एका चाचणीचं वाचन

पेपर हातात आला की आपण आधी ॲब्स्ट्रॅक्टचा शेवट बघतो. मीही तेच करते. आजच्या पेपरचा शेवट असा आहे: या विशेष फॉस्टर केअरमुळे मुलांची स्थिती नेहमीच्या व्यवस्थेपेक्षा सुधारली, असा पुरावा मिळाला नाही. एवढंच वाचून थांबलं तर वाटतं, चला, हा कार्यक्रम फसला. माझ्या मते हे वाचन चुकीचं आहे. कार्यक्रम यशस्वी झाला, असंही मी म्हणत नाहीये. तो कोणासाठी होता आणि कोणावर तपासला गेला, हा खरा प्रश्न आहे.

आधी पार्श्वभूमी

फॉस्टर केअर म्हणजे दत्तक नव्हे. जन्मदात्या घरी राहू न शकणाऱ्या मुलाला काही काळ दुसऱ्या कुटुंबात ठेवतात, कायदेशीर जबाबदारी मात्र त्या कुटुंबाकडे जात नाही. काही मुलांच्या बाबतीत साधं प्रेमळ घर पुरत नाही. आधीचा छळ, हिंसक वागणं, शाळा सुटलेली, एकामागून एक मोडलेली घरं, असं सगळं एकत्र आलेलं असतं.

अशा मुलांसाठी अमेरिकेत ऑरेगनमध्ये पॅट्रिशिया चेंबरलेन आणि सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकात मल्टिडायमेन्शनल ट्रीटमेंट फॉस्टर केअर, म्हणजे एमटीएफसी, उभं केलं. एका घरात सहसा एकच मूल. पालकांना प्रशिक्षण. चांगल्या वागण्याला गुण आणि त्यानुसार वाढत्या सवलती. रोज फोनवरून वागण्याची नोंद. मुलासाठी वेगळा थेरपिस्ट, मूळ कुटुंबासाठी वेगळा. पालकांना रात्री-अपरात्रीही मदत मागता येते.

१९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या चाचणीत वारंवार गुन्हे केलेले ७९ मुलगे होते. सामूहिक निवासात ठेवलेल्यांपेक्षा एमटीएफसीतल्या मुलांचे पुढचे गुन्हे कमी झाले. हा गट लक्षात ठेवा: वारंवार गुन्हे केलेले मुलगे. पुढे त्याची गरज पडेल.

इंग्लंडमधला पेपर

नंतर हेच प्रारूप इंग्लंडमध्ये सरकारी देखभालीतल्या किशोरवयीन मुलांसाठी वापरलं गेलं. जोनाथन ग्रीन आणि सहकाऱ्यांनी केलेलं त्याचं मूल्यमापन २०१४ मध्ये ‘ब्रिटिश जर्नल ऑफ सायकियाट्री’त आलं. एकूण २१९ मुलं, वय ११ ते १६. त्यातली रँडमाइज झाली फक्त ३४. उरलेल्या १८५ मुलांचा निरीक्षणात्मक अभ्यास झाला.

३४ हा आकडा बघून संशोधकांना नावं ठेवणं सोपं आहे. पण प्रसंग डोळ्यासमोर आणा. तेरा वर्षांच्या मुलीला आज रात्री राहायला जागा हवी आहे. एका विशेष घरात जागा आहे आणि ती तिला मिळावी असं तिच्या सोशल वर्करला मनापासून वाटतं. अशा वेळी ‘चिठ्ठी टाकून ठरवू’ म्हणणं सोपं नाही. रसायनाच्या बाटल्या रँडमाइज करणं वेगळं आणि मुलांची घरं रँडमाइज करणं वेगळं.

आता आकडे

मुख्य मोजमाप होतं सी-गॅस: मूल एकंदर कसं निभावतंय याचा १ ते १०० मधला एक आकडा. मूल्यांकन करणाऱ्याला मूल कोणत्या गटातलं आहे हे माहीत नव्हतं, ही चांगली गोष्ट. रँडमाइज्ड गटात फरक आला १.३ गुणांचा, ९५ टक्के कॉन्फिडन्स इंटरव्हल −७.१ ते ९.७.

इथे थांबा. सी-गॅसवर दर दहा गुणांना स्थितीचं वर्णन बदलतं. म्हणजे हा इंटरव्हल सांगतो, की कार्यक्रमाने मुलं जवळजवळ एक पायरी वर गेली असतील किंवा बरीचशी खालीही आली असतील. दोन्ही शक्यता या माहितीशी जुळतात. ‘फरक नाही’ आणि ‘आम्हाला कळलं नाही’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

निरीक्षणात्मक गटात फरक ०.९५, इंटरव्हल −२.३८ ते ४.२९. हा बराच अरुंद आहे. सरासरी परिणाम मोठा असण्याची शक्यता इथे खरंच कमी होते. पण कोणतं मूल कुठे जाईल हे इथे माणसांनी ठरवलं होतं. सुरुवातीचे मोजलेले फरक गणिताने समायोजित करता येतात; न मोजलेले येत नाहीत.

सरासरीच्या आत

पेपरमधला सगळ्यात मोलाचा भाग पुढे आहे. समाजविरोधी वर्तन असलेल्या मुलांना एमटीएफसीचा जास्त फायदा झाला असावा आणि तसं वर्तन नसलेल्यांसाठी नेहमीची व्यवस्थाच बरी ठरली असावी, असं लेखक म्हणतात. ‘असावा’ हा शब्द त्यांचाच, आणि तो योग्य आहे. उपगट पाडत गेलं की कुठे ना कुठे काहीतरी सापडतंच.

तरी मी हा निष्कर्ष गंभीरपणे घेते, कारण तो १९९८ च्या चाचणीशी जुळतो. गुन्हे करणाऱ्या मुलग्यांसाठी घडवलेली गुण-सवलतींची शिस्त त्यांना लागू पडली. पण भेदरलेल्या, मिटून गेलेल्या मुलीला रोजच्या गुणांचा तक्ता कसा वाटेल? ‘गुंतागुंतीच्या गरजा’ या एका लेबलाखाली दोन वेगळी मुलं आली, एकाचा फायदा आणि दुसऱ्याचं नुकसान मिळून बेरीज शून्याजवळ गेली, असं असू शकतं.

माझी तक्रार इथेच आहे. प्रारूप कोणासाठी बनलं होतं हे आधीपासून माहीत होतं, तर हा प्रश्न अभ्यासाच्या केंद्रस्थानी हवा होता. दुसरी तक्रार म्हणजे तुलनेचा गट. ‘नेहमीची व्यवस्था’ यात साधं फॉस्टर घरही येतं आणि बालगृहही. कशापेक्षा बरं, याचं उत्तर त्यामुळे धूसर राहतं.

पण आपल्या बाजूने न लागलेला निकाल आकड्यांसकट छापणं, ही या पेपरची खरी कमाई आहे. असे पेपर दडपले गेले, तर पुढच्या मुलीला चुकीचं घर मिळत राहील आणि कोणाला कळणारही नाही.

तुमच्या विषयातला ‘परिणाम आढळला नाही’ म्हणणारा एक पेपर काढा. पी-व्हॅल्यू झाका. फक्त इंटरव्हल बघा आणि दोन वाक्यांत लिहा: या माहितीने कोणती शक्यता खोडली आणि कोणती अजून शिल्लक आहे? ही दोन वाक्यं जमली, की तुमच्या प्रबंधातला लिटरेचर रिव्ह्यू नुसती यादी राहणार नाही.