कात्री न दिसणारे संकलन

२०१४ च्या ऑस्कर सोहळ्यात ‘ग्रॅव्हिटी’ला संकलनाचे पारितोषिक मिळाले, ते अल्फोन्सो क्वारोन आणि मार्क सँगर या दोघांना. ज्या चित्रपटाचा पहिला शॉट बारा-तेरा मिनिटे तुटतच नाही, त्यात संकलकाने केले काय, ही शंका रास्त आहे. उत्तर सँगर यांच्या वाटचालीत सापडते. ते आधी व्हीएफएक्स (दृश्य-परिणाम) एडिटर होते. परिणाम करणाऱ्या स्टुडिओकडून येणारे शॉट जागच्या जागी बसवायचे, फ्रेमचा हिशेब राखायचा, असे हे काम संकलन-कक्षात दुय्यमच मानले जाते. ‘ग्रॅव्हिटी’त तेच कसब कळीचे ठरले. नटांचे चेहरे सोडले तर पडद्यावरचे बहुतेक सारे संगणकावर घडायचे होते आणि त्या चेहऱ्यांवरचा प्रकाशही एलईडीच्या पेटीतून, आधी आखलेल्या चालीबरहुकूम पडणार होता. त्यामुळे कॅमेरा कधी वळणार, कुठे थबकणार, हे चित्रीकरणाआधीच अॅनिमेशनच्या कच्च्या आराखड्यावर पक्के करावे लागले. एका प्रसंगी कॅमेरा लांबून येत येत नायिकेच्या हेल्मेटच्या काचेतून आत शिरतो आणि आपण तिच्या डोळ्यांनी पाहू लागतो. एरवी तिथे कट आला असता. कट गेला, पण त्यामागचा निर्णय संकलकाचाच राहिला.

यात नवलाई वाटते ती आपली स्मृती तोकडी म्हणून. सिनेमाच्या आरंभकाळी फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसच्या चित्रपटांत माणूस अदृश्य होई तो कॅमेरा थांबवून आणि पुढे फिल्म नेमकी छाटून, जोडून; फाळक्यांचे ट्रिक सीनही त्याच घराण्यातले. चमत्कार आणि जोडकाम तेव्हा एकाच हातचे होते. पुढे फिल्मवरच्या प्रतिमा एकत्र छापणारा ऑप्टिकल प्रिंटर आला, संकलक फिल्मवर पेन्सिलीने खूण करू लागला आणि परिणाम प्रयोगशाळेत घडू लागला. यंत्राने केलेली ही फारकत आपण कलेचा स्वभाव समजून बसलो.

संगणकामुळे ही फारकत आता मिटते आहे. यावर आक्षेप असा, की सारेच दुरुस्त करता येऊ लागले की निवड करण्याची शिस्त जाते. सेटवरचे ‘पोस्टमध्ये बघू’ ऐकले की तो पटतोही. परंतु ‘पॅरासाइट’चे संकलक यांग जिन-मो यांनी एका टेकमधला एक नट आणि दुसऱ्या टेकमधला दुसरा एकाच चौकटीत जोडला, तो निवड टाळण्यासाठी नव्हे, ती अधिक बारकाईने करण्यासाठी. ‘ग्रॅव्हिटी’त तर निर्णय लांबणीवर टाकायची सोयच नव्हती. खरी चालढकल दिग्दर्शक-निर्मात्यांची असते आणि तिची किंमत परिणाम करणारे मोजतात, कारण ठरावीक रकमेत काम घेतलेल्या स्टुडिओला वाढत्या फेरबदलांचा खर्च बहुधा स्वतःच सोसावा लागतो. मुंबई-हैदराबादेतही शाखा असलेल्या ‘ऱ्हिदम अँड ह्यूज’ या व्हीएफएक्स स्टुडिओने फेब्रुवारी २०१३ मध्ये दिवाळखोरी जाहीर केली आणि त्याच महिन्यात त्याच्या कामाबद्दल ‘लाइफ ऑफ पाय’ला व्हीएफएक्सचे ऑस्कर मिळाले. आपली समीक्षा मात्र अजून कटांची संख्या आणि वेग यांवरच संकलन जोखते, आणि चौकटीच्या आत झालेली निवड तिच्या लेखी ‘तांत्रिक बाजू उत्तम’ या एका ओळीत आटोपते.